ब्रिटिश स्केच कॉमेडी: बोलणाऱ्यावर हसणारी बघायची की ऐकणाऱ्यावर?

भाचा सप्टेंबरात ग्लासगोला मास्टर्स करायला चाललाय. परवा त्याचा मेसेज, "मावशी, जायच्या आधी ब्रिटिश कॉमेडी बघून ठेवतो, तिकडचे लोक कशावर हसतात ते तरी कळेल, दोन-चार नावं टाक, आणि हो, आई-बाबा पण बसणारेत बघायला." हे शेवटचं वाचलं आणि मी फोन बाजूला ठेवला. लेस्टरला मी आठ वर्षं काढली, तिथल्या स्केच शोजवर (म्हणजे दोन-चार मिनिटांच्या सुट्या सुट्या विनोदी प्रसंगांचे कार्यक्रम) पोट धरधरून हसलेय, पण त्यातला निम्मा माल म्हणजे कुठल्या ना कुठल्या देशाच्या लोकांची टिंगल, जर्मन असा, ग्रीक तसा, भारतीय म्हटला की मान हलवणार, आणि हे सगळं ताई-भाऊजींच्या शेजारी सोफ्यावर बसून बघायचं म्हणजे रिमोट हातातून खाली ठेवायची सोय नाही. म्हटलं एकदाच नीट लिहून काढू, असं विचारणारे अजूनही बरेच असतील.

आधी माझी चाळणी सांगते म्हणजे पुढचं भांडण सोपं होईल. माझं नाव शुभांगी. तिकडच्या ऑफिसात पहिल्याच दिवशी एकाने ते मोठ्याने "शू-बँगी" असं वाचलं, सगळे हसले, मीही हसले. तेव्हा मला वाटलेलं की हसं माझं झालं, आपलं नावच मेलं अवघड. नंतर "गुडनेस ग्रेशस मी" बघितलं (त्याच्यावर खाली बरंच लिहिलंय) तेव्हा डोक्यात प्रकाश पडला की अरे, तीन अक्षरं त्याला वाचता आली नाहीत, मग हसं माझं का? तर चाळणी एवढीच. परदेशी माणसाच्या स्केचमध्ये एक बोलणारा असतो आणि एक ऐकणारा, आणि दोघांचं जुळत नाही म्हणून विनोद होतो. तो विनोद शेवटी कोणाच्या अंगावर पडतो ते बघायचं, बोलणाऱ्या परदेशी माणसाच्या पडला तर नापास, ऐकणाऱ्याच्या पडला तर पास. हल्ली यावर पंचिंग अप, पंचिंग डाऊन असं म्हणायची फॅशन आहे, म्हणजे आपल्यापेक्षा वरच्याची टिंगल चालते, खालच्याची नाही, पण मला ते वर-खाली फारसं उपयोगाचं वाटत नाही, जर्मन माणूस इंग्रजाच्या वर का खाली हे ठरवणार कोण?

सगळ्यात आधी "माइंड युवर लँग्वेज", कारण भारतात कुणालाही ब्रिटिश कॉमेडी म्हटलं की पहिलं हेच आठवतं. खरं तर ही स्केच कॉमेडी नाही, सिटकॉम आहे, पण गोष्ट अशी काही नसतेच, वर्गात एकामागोमाग एक छोटे छोटे विनोद, म्हणून इथे घेतेय. १९७७ ते १९७९ आयटीव्हीवर, नंतर १९८६ मध्ये परत थोडी. लंडनमधला रात्रीचा इंग्रजीचा वर्ग, मिस्टर ब्राउन मास्तर, आणि समोर इटालियन, ग्रीक, स्पॅनिश, जर्मन, फ्रेंच, जपानी, चिनी, एक शीख रणजीत, एक पाकिस्तानी अली, आणि जमीला, जी वर्गात विणकाम करत बसते. मास्तर एक विचारतात, समोरचा एखादा शब्द धरून भलतंच उत्तर देतो, रणजीत "अ थाउजंड अपॉलॉजीज" म्हणतो, हशा. पुढच्या भागात तेच. माझ्या चाळणीत हा शो सरळ खाली पडतो, कारण इथे प्रत्येक वेळी चूक बोलणाऱ्याचीच, मास्तर कायम बरोबर. चॅनलच्या मायकेल ग्रेड यांनी १९७९ मध्ये तो बंद केला तो याच कारणावरून, हा प्रकार त्यांना अपमानास्पद वाटत होता.

पण, आणि हा पण मोठा आहे, ताईला हा शो आवडणार. मला माहितीये. आपल्याकडे याच्याच धर्तीवर पंकज कपूरचं "जबान संभालके" आलं होतं, त्यात शुभा खोटे होत्या, आमचं अख्खं घर ते बघायचं, आणि त्यात वर्ग हिंदीचा होता त्यामुळे तमिळ माणसापासून इंग्रजापर्यंत सगळेच चुकणारे. आणि इंग्रजी शिकताना ज्याने ज्याने मार खाल्लाय त्याला तो वर्ग आपलाच वाटतो, रणजीतवर आपण हसतो तेव्हा आपल्याच दहावीच्या तोंडी परीक्षेवर हसत असतो. हे मिस्टर ग्रेडना लंडनमध्ये बसून कळायचं कारण नव्हतं. तरी पाच भाग बघून झाले की पुढे काही नवीन मिळत नाही, एवढं सांगून ठेवते. जमवून बघायला ठीक, इंग्लंड समजायला शून्य.

याच्या शेजारी ठेवायचा तो "इट एन्ट हाफ हॉट मम", आणि इथे नाशिकरोडवाल्यांनी कान टवकारावेत कारण याचं गाव म्हणजे आपली देवळाली! खरंच. १९७४ ते १९८१ बीबीसी वनवर चाललेला सिटकॉम, दुसरं महायुद्ध, देवळालीच्या कॅम्पात सैनिकांची करमणूक करणारी एक नाटकमंडळी, नंतर ती सगळी बर्मात जाते. लिहिणाऱ्या दोघांपैकी जिमी पेरी स्वतः देवळालीत अशाच मंडळीत होता. इंग्रजीत "डूलॅली" म्हणजे डोकं फिरलेला, हा शब्दही आपल्या देवळालीवरूनच गेलाय, जुन्या काळी मुदत संपलेले गोरे सोल्जर मायदेशीच्या बोटीची वाट बघत तिथे महिनोन्‌महिने पडून असायचे, करायला काही नाही, ऊन आणि कंटाळा, मग "देवळाली टॅप", आणि त्यातला टॅप म्हणजे आपला साधा ताप. पुण्या-मुंबईत डूलॅली नावाने बिअर मिळते ती पिणाऱ्यातल्या किती जणांना हे माहिती असेल कोण जाणे.

आता याची गंमत आणि याची अडचण एकच आहे, ती म्हणजे रंगी राम. हा कॅम्पातला बेअरर म्हणजे नोकर, स्वतःला "वी ब्रिटिश" म्हणवणारा, आणि सगळ्या शोमध्ये सगळ्यात हुशार माणूस तोच. वेल्श ॲक्सेंटचा सार्जंट मेजर घसा फोडून ओरडत असतो आणि रंगी राम त्याला गुंडाळून ठेवतो. म्हणजे चाळणी म्हणते पास, हसं ऐकणाऱ्याचं होतंय. फक्त ते काम करतो मायकेल बेट्स नावाचा गोरा नट, तोंडाला रंग लावून. झाशीत जन्मलेला, हिंदी-उर्दू सफाईने बोलणारा, त्यामुळे कान म्हणतो वा, आणि डोळे म्हणतात हे काय. बाजूला चहावाला आणि पंखेवाला ही कामं मात्र उपखंडातल्याच नटांनी केली आहेत, आणि शेवटच्या पाट्यांवर तो चहावाला भक्तिभावाने "लँड ऑफ होप अँड ग्लोरी" हे ब्रिटिशांचं देशभक्तिगीत म्हणतो ते मला अजून आवडतं. बीबीसी हा शो आता पुन्हा दाखवत नाही. भाऊजींना गावासाठी म्हणून एखादा भाग दाखव, बाकी सवडीने.

रंग लावण्याचा विषय निघाला म्हणून एक नगरची आठवण, म्हणजे आताच्या अहिल्यानगरची. स्पाइक मिलिगन, ब्रिटिश वेड्या कॉमेडीचा आजोबा, १९१८ मध्ये अहमदनगरला जन्मला, पुण्यात लहानाचा मोठा झाला, वडील ब्रिटिश इंडियन आर्मीत. आपलाच माणूस म्हणावा तर त्याने १९६९ मध्ये "करी अँड चिप्स" नावाच्या सिटकॉममध्ये तोंड तपकिरी करून अर्धा आयरिश अर्धा पाकिस्तानी कामगार रंगवला, नाव केव्हिन ओ'ग्रेडी. सहा भागांत गाशा गुंडाळला. लेखकाचं म्हणणं असं की आम्ही कारखान्यातल्या वंशवादी गोऱ्यांवर हसतोय, पण शिव्या इतक्या आणि त्या खाणारा इतका बावळट की बघणाऱ्याने कोणावर हसायचं ते त्याचं त्यानेच ठरवावं. पुढे मिलिगनच्याच "क्यू" मालिकेत पाकिस्तानी डॅलेक हा प्रकार होता, म्हणजे विज्ञानकथेतली ती डबा-राक्षसं एका पाकिस्तानी घरातली. कल्पना म्हणून अफाट, आज हॉलमध्ये लावायची मात्र नाही. मिलिगनचा दुसरा माल बघा, हे सोडा.

मग मॉन्टी पायथन. यांच्याबद्दल तोंडभर बोलायची पद्धत आहे पण आपल्या विषयापुरतं थोडक्यात उरकते. "फ्लाइंग सर्कस", १९६९ ते १९७४. यात ऑस्ट्रेलियन प्रोफेसरांचा एक स्केच आहे, तत्त्वज्ञान विभागात सगळ्यांचं नाव ब्रूस, नवीन इंग्रज येतो त्याचं नाव मायकेल, तर म्हणतात गोंधळ नको, तुलाही ब्रूसच म्हणतो. मस्त आहे, पण त्यातल्या नियमांच्या यादीत समलिंगी लोकांवरचा जो एक नियम परत परत येतो तो आज दाताखाली खड्यासारखा लागतो. त्याहून मला हंगेरियन फ्रेजबुक जवळचं. एक हंगेरियन माणूस सिगारेटी घ्यायला दुकानात येतो, हातात वाक्यांचं छोटं पुस्तक, आणि त्यातून वाचून म्हणतो माझ्या हॉवरक्राफ्टमध्ये वाम मासे भरलेत. पुढे पुढे वाक्यं चावट होत जातात (ताई!). आता इथे दोष कोणाचा? बिचाऱ्या हंगेरियनचा नाहीच, पुस्तक छापणाऱ्याचा, आणि शेवटी कोर्टात तोच उभा राहतो. स्टेशनवर मिळणारी ती तीस दिवसांत अमुक भाषा शिका छाप पुस्तकं ज्याने घेतलीत त्याला हा स्केच शिकवावा लागत नाही. स्पॅनिश इन्क्विझिशनवालाही याच शोमधला, पण त्याचा स्पेनशी काही संबंध नाही, लाल झगे घातलेले तीन गोंधळलेले इंग्रज आहेत ते.

नव्वदच्या दशकात दोन शो एकमेकांच्या मागोमाग, आणि ते शेजारी ठेवले की फरक लख्ख दिसतो. एक हॅरी एनफिल्डचा, दुसरा "द फास्ट शो". गंमत म्हणजे पॉल व्हाइटहाउस हा नट दोन्हीकडे आहे.

एनफिल्डचं असं की तो माणूस पकडतो. त्याचा युर्गन नावाचा जर्मन तरुण बसस्टॉपवर कोणाही अनोळखी माणसाला गाठून युद्धात माझ्या देशाने जे केलं त्याबद्दल माफी मागायला लागतो, समोरचा म्हणतो जाऊ दे रे बाबा, आणि मग बस उशिरा आली की त्याच युर्गनचा पारा असा चढतो की बस. ॲमस्टरडॅमचे दोन पोलीस गाडीत बसून शांतपणे सांगतात की आमच्याकडे अमुक गुन्हा फार वाढला होता, मग आम्ही तो कायदेशीर केला, आता प्रॉब्लेम नाही. आणि लिव्हरपूलचे तीन मिशाळ, कुरळ्या केसांचे, ट्रॅकसूटवाले भाई, सतत भांडणार आणि सतत एकमेकांना "काम डाऊन, काम डाऊन", म्हणजे शांत हो, म्हणणार. यात डच पोलिसांचा सगळ्यात चांगला, कारण तो कळायला तुम्हाला हॉलंडबद्दल एक खरी गोष्ट माहिती असावी लागते. लिव्हरपूलवाला सगळ्यात जास्त गाजला आणि सगळ्यात आळशी. माझी एक मैत्रीण लिव्हरपूलची, ती म्हणायची की तो शो संपून जमाना झाला, अजून कोणीतरी दारूच्या टेबलावर मला काम डाऊन म्हणतंच, आणि म्हणणाऱ्याला वाटतं हे आपल्यालाच सुचलं. आपल्याकडे नागपूरकराला "काय करून राहिला बे" म्हणून दाखवणारे असतात ना, तेच.

एनफिल्ड घसरलाही. २००८ मध्ये व्हाइटहाउसबरोबरच्या शोमध्ये फिलिपिनो मोलकरणीचा एक स्केच होता, श्रीमंत शेजारी तिला जनावरासारखं वागवतो असा. म्हणणं काय, तर आम्ही त्या श्रीमंत माणसावर हसतोय. पण ती बाई स्केचभर बोलतच नाही नीट, नुसती वस्तू. लंडनमधल्या फिलिपिन्सच्या वकिलातीने निषेध केला आणि मला विचाराल तर बरोबर केला.

आता फास्ट शोचा "चॅनल नाइन" बघा. १९९४ ते १९९७ बीबीसी टू. कुठल्याशा गरम देशातलं टीव्ही चॅनल, भाषा स्पॅनिश नाही, इटालियन नाही, पोर्तुगीज नाही, ग्रीक पण नाही, आणि चारही आहे. बातमीदार घडघड बोलतोय, त्यातून मध्येच कळतं ते फक्त क्रिस वॉडल हे फुटबॉलपटूचं नाव नाहीतर यूएनचे तेव्हाचे सरचिटणीस बुत्रोस बुत्रोस-घाली यांचं. कॅरोलाइन अहर्न हवामान सांगते, नकाशावर सूर्यच सूर्य, आणि ती प्रत्येक वेळी तितक्याच आनंदाने म्हणते, "स्कॉर्चिओ!" ब्रिटनमध्ये उन्हाळ्यात जरा ऊन पडलं की अजूनही कोणीतरी हा शब्द टाकतं. तर हे हसं कोणाचं? त्या देशाचं? देशच नाही तो. हे हसं सुट्टीला गेलेल्या इंग्रजाचं आहे, जो हॉटेलच्या खोलीत पलंगावर पडून टीव्ही लावतो, एक अक्षर कळत नाही, तरी बघत बसतो. आपण बेंगळुरूच्या लॉजमध्ये कन्नड चॅनल लावून हेच केलेलं असतं. एक शिवी नाही, एक अपमान नाही, आणि तरी स्टिरिओटाइप शंभर टक्के. याच शोमध्ये टेड आणि राल्फ आहेत, इस्टेटीवरचा आयरिश गडी आणि त्याच्यावर मनातून जीव जडलेला लाजाळू मालक, तो काहीतरी बोलू पाहतो आणि टेड म्हणतो मला त्यातलं काही कळायचं नाही साहेब. हे पात्र दोन आयरिश लेखकांचं, ग्रॅहम लिनेहन आणि आर्थर मॅथ्यूज यांचं. मालक-गडी यांच्यामधली ती शांतता आपल्याला वेगळी समजावून सांगायला लागत नाही. हळू आहे पण, पहिल्या वेळी कंटाळा येईल, दुसऱ्यांदा बघ.

आता मुख्य. "गुडनेस ग्रेशस मी". आधी १९९६ पासून रेडिओवर, मग १९९८ ते २००१ बीबीसी टूवर तीन सीझन. संजीव भास्कर, मीरा स्याल, कुलविंदर घिर आणि नीना वाडिया, यातली नीना मुंबईत जन्मलेली. नावामागची कथा अशी की १९६० मध्ये एका सिनेमात पीटर सेलर्स हा गोरा नट भारतीय डॉक्टर झाला होता, रंग लावून, मान हलवत, आणि त्या निमित्ताने सोफिया लॉरेनबरोबरचं त्याचं "गुडनेस ग्रेशस मी" हे गाणं तुफान चाललं. ब्रिटनमधल्या भारतीय पोरांना शाळेत पुढची कित्येक वर्षं तो ॲक्सेंट ऐकून घ्यायला लागला. या चौघांनी तेच गाणं भांगडा ताल टाकून आपलं टायटल म्हणून लावलं. शोचं आधी ठरलेलं नाव तर "पीटर सेलर्स इज डेड" असं होतं!

याचा सगळ्यात गाजलेला स्केच "गोइंग फॉर ॲन इंग्लिश". मुंबईतली मित्रमंडळी, चिकार प्यायलेली, रात्री उशिरा इंग्लिश रेस्टॉरंटमध्ये घुसतात. वेटर गोरा. त्याच्या नावाची वाट लावतात, त्याच्याशी लगट करतात, मेन्यूवर सगळ्यात बेचव काय आहे ते आणा म्हणतात, आणि चोवीस प्लेट चिप्स मागवतात. एकीला जरा मसालेदार खायचं असतं तर बाकीचे तिला चिडवतात. आता हे समजायला ब्रिटनचं करी हाउस माहिती पाहिजे, तिकडे शुक्रवारी पब बंद झाला की पोरांची टोळी "इंडियन" खायला जाते, हॉटेल बहुतेक वेळा चालवतो सिल्हेटचा बांगलादेशी, आणि पैज लागते सगळ्यात तिखट कोण खातो त्याची, म्हणजे बहुधा विंडालू. आमच्या गोव्याचं विंडालू! पोर्तुगीजांच्या लसूण-व्हिनेगरमधून आलेलं, रविवारी घरी निगुतीने केलेलं विंडालू, आणि यांच्याकडे ती मर्दपणाची परीक्षा. तो स्केच बघून कुठलाही इंग्रज हसतो ते स्वतःवर, आणि हसता हसता त्याला आठवतं की गेल्या शुक्रवारी वेटरला आपणच असं बोललो होतो. सगळं जसंच्या तसं, फक्त बाजू बदलल्या. बोलणारा आणि ऐकणारा यांची खुर्ची बदलली की काय होतं ते इतकं नेमकं मी दुसरीकडे बघितलं नाही.

पण हा शो मला आवडतो तो गोऱ्यांना टपली मारतो म्हणून नाही फक्त. तो आपल्याला जास्त जोरात मारतो. एक काका आहेत ज्यांच्या मते जगातलं सगळं भारतातूनच आलं, ब्रिटिश राजघराणंसुद्धा, का तर सगळे एकत्र राहतात, सगळे घरच्याच धंद्यात, लग्नं ठरवून, "इंडियन!" आज फॅमिली ग्रुपवरचे फॉरवर्ड वाचताना मला त्या काकांचा आवाजच ऐकू येतो, आणि हे १९९८ चं आहे बरं का, व्हॉट्सॲप जन्मायचं होतं. दोन आया आहेत ज्या एकमेकींच्या मुलांची तुलना करत करत कुठल्या कुठे जातात (त्यातला शेवटचा प्रश्न ताईसमोर अडचणीचा, आधीच सांगते). बाहेर खायला काही म्हणालात की एक आई म्हणणार, हे मी घरी फुकटात केलं असतं, एक वांगं असलं की झालं. ही बाई आमच्या घरात राहते. आणि सगळ्यात बोचरे ते कपूर आणि रवींद्रनाथ, जे स्वतःला कूपर आणि रॉबिन्सन म्हणवतात, आम्ही इंग्रजच, आणि शेजारच्या गोऱ्यांपेक्षा जास्त इंग्रज व्हायच्या नादात हास्यास्पद होतात. लेस्टरला मला एक मराठी जोडपं भेटलेलं जे आमच्याशीही इंग्रजीतच बोलायचं, त्यांना मी मनात कूपरच म्हणायचे. भांगडामफिन्स नावाची दोन टपोरी पोरं "किस माय चड्डीज" म्हणायची, तो "चड्डीज" २०१९ मध्ये ऑक्सफर्डच्या डिक्शनरीत गेला. चड्डी!

कमी काय? सगळं फार पंजाबी आहे. भारतीय म्हणजे पंजाबी, थोडे गुजराती, बाकीचे आम्ही कुठेच नाही, मराठी माणूस शोधून सापडायचा नाही, दाक्षिणात्यही नाही. ब्रिटनमध्ये वस्ती ज्यांची मोठी त्यांचाच विनोद होणार हे खरं, पण बघताना जाणवतं. दुसरं, काही स्केच तेव्हाच्या ब्रिटिश टीव्हीची विडंबनं आहेत, ती आता मलाही कळत नाहीत, पुढे ढकला. तिसरा सीझन जरा थकलेला आहे. २०१४ मध्ये एक स्पेशल झाला तो गोड म्हणून बघायचा.

याच्यासमोर "लिटल ब्रिटन". मॅट लुकास आणि डेव्हिड वॉलियम्स, टीव्हीवर २००३ ते २००६, आणि तेव्हा ऑफिसात याच्याशिवाय दुसरं काही बोललं जायचं नाही. आता हा शो सरसकट वाईट म्हणणं सोपं आहे आणि मी तसं म्हणणार नाही, कारण चाळणीत हा अर्धा वर राहतो आणि अर्धा खाली पडतो, तेही एकाच भागात. वजन कमी करायच्या क्लासमध्ये मार्जरी डॉज नावाची बाई, तिच्या क्लासमध्ये मीरा नावाची भारतीय बाई येते. मीरा स्वच्छ इंग्रजी बोलते, बाकीच्या सगळ्यांना कळतं, मार्जरीला कळत नाही. परत सांगा? काय म्हणतेय ही? बाकीचे वैतागून सांगतात अहो ती अमुक म्हणतेय. हा स्केच मी बघितला तेव्हा हसले नाही, गप्प बसले, कारण ही बाई मला बँकेत भेटलेली होती. माइंड युवर लँग्वेजमध्ये जी चूक रणजीतची होती ती इथे बरोबर मार्जरीच्या पदरात घातलीय. तसंच त्या दोन गावातल्या प्रतिष्ठित बायका, जॅम चाखतात, वा म्हणतात, आणि बनवणारीचं नाव परदेशी निघालं की भडाभडा ओकतात. किळसवाणं आहे, जेवताना लावू नका, पण मारलंय बरोबर जागी.

आणि मग त्याच शोमध्ये टिंग टाँग येते. थायलंडहून मागवलेली बायको, काम मॅट लुकासचं, साडेतीन शब्दांच्या इंग्रजीत, आणि विनोद काय तर तिचं नाव, तिचे उच्चार, तिचं दिसणं. बस. थायलंडबद्दल लेखकाला काही माहिती असावी लागत नाही आणि बघणाऱ्यालाही नाही. वर वॉलियम्स काळा रंग लावून बाई होतो ते वेगळंच. जून २०२० मध्ये नेटफ्लिक्स, बीबीसी आयप्लेअर, ब्रिटबॉक्स सगळ्यांनी शो काढून टाकला, दोघांनी माफी मागितली, २०२२ मध्ये काही भाग कापून आयप्लेअरवर परत आला. कापलेला बघणं जास्त बरं. त्यांचा पुढचा "कम फ्लाय विथ मी", विमानतळावरचा, २०१० चा, तो मी सुचवणारच नाही, त्यात टिंग टाँगवाला भाग जास्त आणि मार्जरीवाला कमी.

इथे कोणी म्हणेल मग सोपं आहे, आपल्या लोकांनी आपल्यावर केला तर चालतो. तेवढं सोपं नाही. "फॅमलॅम" हा बीबीसी थ्रीवरचा काळ्या कलाकारांचा शो, चांगला शो आहे, पण त्यांनी टीव्हीवरच्या एका आकडे-अक्षरांच्या खेळाची जमैकन आवृत्ती केली तेव्हा २०२० मध्ये जमैकाच्या परराष्ट्रमंत्रीच चिडल्या. घरचा माणूस असला म्हणून आळशी विनोद आपोआप हुशार होत नाही. उलट कॅथरीन टेट बघा, गोरी बाई, तिचं ऑफिसातलं एक पात्र आहे, दुभाषा आला नाही की म्हणते मला येतं, आणि एकेका देशाच्या पाहुण्याशी त्याच्या भाषेचा नुसता आवाज काढून बोलते. ऐकायला भयंकर. पण पाहुणे जसे तिच्याकडे बघतात तेवढ्यात सगळं येतं, गाढव कोण ते कळायला वेळ लागत नाही. अर्थात ज्याची भाषा तशी चिंगचँग करून काढलीय त्याला हे पटलंच पाहिजे असं नाही, मी त्याच्याशी वाद घालणार नाही.

तर भाच्या, तुझ्यासाठी. आई-बाबांसोबत: गुडनेस ग्रेशस मीचा पहिला सीझन, आयांचा तो स्केच आला की चहा टाकायला उठायचं. मधूनमधून चॅनल नाइनचे तुकडे, भाऊजींना ते नक्की आवडणार, त्यांना बातम्यांशिवाय दुसरं काही नको असतं. माइंड युवर लँग्वेज ताईसाठी. एकट्याने: हंगेरियन फ्रेजबुक, डच पोलीस, लिटल ब्रिटनमधली मार्जरी. आणि तिकडे गेल्यावर आयप्लेअर लावायच्या आधी लक्षात ठेव, ते ब्रिटनमध्येच चालतं आणि त्याला टीव्ही लायसन्स लागतं, फोनवर बघितलं तरी, स्टुडंट असलास तरी, २०२५ मध्ये वर्षाला १७४.५० पाउंड होतं. मला हे कोणी सांगितलं नव्हतं.

आणि ग्लासगोला चाललायस तर इंग्रजांचं हे सगळं एका बाजूला ठेव, स्कॉटिश लोकांचं वेगळं खातं आहे. "चुइन द फॅट" १९९९ पासून, बीबीसी स्कॉटलंडचा, त्यात "गॉने नो डे दॅट", म्हणजे तसं नको ना करूस, म्हणणारे दीपगृहातले दोघं, आणि डंडीकडच्या ॲक्सेंटमध्ये अंतराळात फिरणारं अख्खं यान. म्हणजे ग्लासगोवाले डंडीवाल्यांवर हसतात, आपल्याकडे पुणेकर आणि सोलापूरकर असतं तसंच, बाहेरच्याला दोन्ही सारखेच ऐकू येतात. पण सगळ्यात आधी बघायचा तो "बर्निस्टन"मधला लिफ्टवाला, २०१० चा. लिफ्टला बटणंच नाहीत, आवाजावर चालते. दोन स्कॉटिश माणसं आत शिरतात, अकरावा मजला हवाय, म्हणतात "इलेव्हन". लिफ्टला कळत नाही. परत म्हणतात. परत नाही. अमेरिकन ॲक्सेंट काढून बघतात, इंग्रजी काढून बघतात, शेवटी शिव्या. मला बँकेच्या फोनवरच्या मशीनशी बोलताना प्रत्येक वेळी ते दोघं आठवतात. मार्जरीला तरी आपण म्हणू शकतो की तुला ऐकायचंच नाही, लिफ्टला काय म्हणणार.

हे त्याला काल रात्री पाठवलं, लिफ्टची लिंक वर टाकून. सकाळी उत्तर आलं. "मावशी भारी आहे, पण ते दोघं नक्की काय म्हणतायत? सबटायटल कुठून चालू होतात?"